किल्ल्याच्या दारातलं घोंगडं

स्कॉटलंडचे डोंगर-किल्ले दाखवायला लेकानं दिवसभराची गाडी केली होती. पहिल्याच किल्ल्यापाशी ड्रायव्हरनं कमरेत वाकून माझ्यासाठी दार उघडलं आणि काहीतरी बोलला. इंग्रजी मला येत नाही, पण 'क्वीन' कळतं.

"बिरदेवा, हा मला राणी का म्हणतोय रं?"

पोरगा बुटांकडं बघत पुटपुटला, "हिच्या माहेरी मी सांगितलंय, आई. आपलंही संस्थान होतं म्हणून. हिनंच ड्रायव्हरला सांगितलं असणार."

गोरी सून माझा हात धरून हसत होती. माझं डोकं सणकलं.

"आपलं संस्थान चार पायांवर चरत हिंडायचं, मुडद्या! त्यामागं पाय झिजवून बापानं तुला इंजिनेर केला."

"हळू बोल. लोक बघतायत."

"बघू देत."

खांद्यावरचं घोंगडं काढून मी सुनेला पांघरलं. तिनं त्यावरून मायेनं हात फिरवला.

"आता सांग तिला, ही तुझ्या बापाच्या मेंढरांची लोकर आहे. माझा नवरा धनगर होता, राजा नव्हता. तू इंग्रजीत काय सांगशील ते मला कळायचं नाही. पण मी तुझ्याकडं नाही, तिच्या तोंडाकडं बघणार आहे."