धोंडूचा उंबरठा

मोडेमची कुरकुर थांबली आणि नानांची गोष्ट पडद्यावर उमटली. कडेवरच्या लेकीला न उतरवता मृदुलानं एका हातानं मत दिलं: ‘धोंडूनं घरातच थांबावं.’ मग नाव बदलून आणखी चारदा.

सांगलीत पदोपदी आपटणाऱ्या धोंडूचे एकपात्री प्रयोग करून लोकांना हसवणारे तिचे वडील, नाना, आता त्याचीच गोष्ट इंटरनेटवर लिहीत. पुढं काय व्हावं, ते दर रविवारी वाचकांच्या मतांवर ठरे. पण सहा रविवार धोंडू उंबरठ्यातच होता. कधी स्वेटर घालायला मागं फिरे, कधी गॅस बंद आहे का बघायला. वाचक कंटाळून पांगू लागले होते. मृदुलाला मात्र हायसं वाटे. बाहेर पडला की तो आपटणार, हे लीड्सला बसूनही तिला ठाऊक होतं.

त्या आठवड्यात नानांचा ईमेल आला. “ठमाबाई, नावं पाच, पण काळजी एकाच आईची. अशानं माझी गोष्ट बंद पडेल गं! धोंडू तीस वर्षं पडतोय आणि उठतोय. आणि चौदा महिन्यांची आमची नात अजून चालत नाही म्हणतेस, तिचे पाय जमिनीला लागू देतेस का कधी?”

चिडूनच तिनं लेकीला गालिच्यावर उभं केलं आणि बोट सोडलं. दोन पावलं टाकून पोर धपकन बसली. ओठ बाहेर काढून तिनं आईच्या तोंडाकडे पाहिलं, आता रडायचं की कसं, हे विचारल्यासारखं.

उचलायला पुढं झालेले हात मागं घेऊन मृदुला हसली. मग पोरही खुदकन हसली नि पुन्हा उठू लागली.

रविवारी मृदुलानं एकच मत दिलं, स्वतःच्या नावानं: ‘जाऊ दे त्याला.’