उजवा बूट

वीस वर्षं शर्यतीच्या गाड्या चालवून मी टीमचा मॅनेजर झालो. ट्रॅकच्या कडेला खुर्चीत बसायचं आणि पडद्यावर आमच्या गाड्या बघायच्या, एवढंच काम. तरी सहा महिन्यांत उजवा बूट चवड्यापाशी झिजला, डावा नवाकोरा. बायकोने जोड नाकासमोर धरला. “आता बसून असतोस ना? मग हे काय?” मी ओशाळलो. “गाडी वळणावर आली, की माझा पाय आपोआप ब्रेक दाबतो. जमिनीवरच. हसू नकोस.” ती हसली नाही. तिने टीव्हीसमोरचं टीपॉय बाजूला सरकवलं. खाली गालिचा चवड्याएवढा विरला होता. माझ्या शर्यती बघत नाही, असं ती सगळ्यांना सांगायची आणि मी रुसून बसायचो. “पण तुला गाडी चालवता कुठे येते?” मी कसंबसं म्हणालो. “ब्रेक कुठला, एवढं माहीत होतं. पुढच्या शर्यतीला मी येते. दोघं मिळून दाबू.”