डिंक

संगीतकाराची पियानोवरची रचना काल अखेर तुफान गाजली. पण सकाळपासून तो, जणू ती कुणी वाजवलीच नव्हती, अशा थाटात घरात वावरत होता. वाजवताना शेजारी बसून पानं उलटायचं काम बायकोचं, आणि मधली दोन पानं काल तिने एकदमच उलटली होती. त्याने ती उजेडात धरली, मग हुंगली.

"डिंक आहे हा!"

"असेल. त्याच पानांना दरवेळी अख्ख्या सभागृहाला खोकला येतो हो."

"मग वाजवताना माझ्या कसं लक्षात आलं नाही?"

"तेच म्हणतेय मी."

तो तडक सभागृहाच्या व्यवस्थापकांना अर्ज लिहायला बसला: 'कालच्या समस्त श्रोत्यांना पुन्हा त्याच खुर्च्यांवर बसवून राहिलेली दोन पानं ऐकवण्याची परवानगी मिळावी, ही नम्र विनंती.'