पुन्हा रेषेबाहेर

ओटिसनं तारयंत्रावरून उतरवलेली चिठ्ठी मर्लपुढे सरकवली. हेसलर. चेंडू डोक्याला. शुद्ध नाही.

मर्ल टॅकेट रेडिओवर बेसबॉलचा सामना सांगत होता, आणि सामना चालला होता दुसऱ्याच राज्यात. तारेनं दोन शब्द यायचे, मर्ल त्यांचं भरलं ताट करून वाढायचा. ऊन, धूळ, पंचाची ढेरी, सगळं पदरचं. लाकडावर काठी आपटली की झाला बॅटचा आवाज! आयोवातल्या त्या गावानं कित्येक उन्हाळे त्याच्याच तोंडून मैदान पाहिलं होतं. निकाल मात्र त्यानं कधी पदरचा घातला नाही. तार मध्येच मुकी झाली, तर फलंदाजाकडून चेंडू रेषेबाहेर मारून घ्यायचा. असे चेंडू कितीही गेले तरी फलंदाज बाद होत नाही, धावही मिळत नाही. वेळ तेवढा निघतो. ही युक्ती गावालाही ठाऊक होती.

आज तार मुकी नव्हती. तीच तर पंचाईत होती.

खिडकीखाली रस्त्यावर, रेडिओच्या कर्ण्याभोवती गाव लोटलं होतं. सगळ्यात पुढे व्हर्जिल हेसलरची आई, अल्मा. गावातून मोठ्या संघात गेलेलं तिचं पोर पहिलंच, आणि आजची त्याची फलंदाजीची पाळीही पहिलीच.

"व्हर्जिल सरसावलाय..." मर्लनं काठी आपटली. "आणि चेंडू रेषेबाहेर!"

खाली आरोळ्या उठल्या.

"सांगून टाक बाबा," ओटिस कुजबुजला.

मर्लनं माइकवर हात ठेवला. "तू सांग. ये, बस इथं."

ओटिस पुन्हा तारयंत्राकडं वळला.

"पुन्हा बाहेर! काय चिवट पोरगं आहे!" खाली अल्मा शेजारणीचा दंड धरून हसत होती. मर्लनं जन्मभर शब्दांवर पोट भरलं, आणि आज एक वाक्य ओठांबाहेर पडेना. आपण बोलतोय तोवर पोरगं उभं आहे, असं त्याला वाटत होतं. वेडेपणा होता, पण थांबवणं त्याच्या हातात नव्हतं.

दुसरी चिठ्ठी आली. तिच्यावर एकच शब्द होता: गेला.

मर्लनं ती पालथी घातली. काठी आपटली. "बाहेर!"

"तार तुटली रे!" खालून कुणीतरी ओरडलं. "मर्ल थापा मारतोय!" लोक खो खो हसले. अल्मा हसायची थांबली.

थोड्या वेळानं जिन्यावर पावलं वाजली. अल्मा दारात उभी होती. तिनं मर्लकडं पाहिलं नाही. कोपऱ्यात टकटक चाललेल्या तारयंत्राकडं ती बघत राहिली, मग ओटिसच्या तोंडाकडं.

"तार तर चालू आहे," ती म्हणाली.

मर्लला माइक बंद करायचंही सुचलं नाही. त्याची काठी हातातच राहिली.

अल्मानं ती हळूच काढून घेतली.

"किती वेळ उभा ठेवशील, मर्ल? दमला असेल रे तो. बसव त्याला आता."