स्टुलावरच्या बाई

वृद्धाश्रमात गेल्यावर बाबा लेकीला ओळखेनासे झाले आणि तिचं लाडाचं नाव, ठमी, त्यांनी तिथल्या नर्सला देऊन टाकलं.

"ठमे, पडलीस ना परत सायकलवरून? दाखव बघू गुडघा," असं ते नर्सला म्हणायचे. त्या पडण्याचा व्रण अजून गुडघ्यावर असलेली खरी ठमी समोरच्या स्टुलावर बसून संत्रं सोलत असायची.

सुरुवातीला ती सांगायची, "अहो बाबा, ठमी मी आहे." मग ते घाबरून नर्सचा हात घट्ट धरायचे. तिने सांगणं सोडलं. हळूहळू वाईट वाटणंही थांबलं. ऑफिस सुटलं की यायचं, बिया काढलेल्या फोडी वाटीत ठेवायच्या आणि निघायचं, एवढंच उरलं.

"ते ओळखतसुद्धा नाहीत, मग रोज कशाला जीव काढतेस?" नवरा म्हणाला. "रविवारी जात जा."

तिलाही ते पटलं. दुसऱ्याच दिवशी तिने वाटी विसळून ठेवली, नर्सला म्हणाली, "आता मी रविवारीच येत जाईन," आणि पर्स उचलून दाराबाहेर पडली.

मागून बाबांचा दबका आवाज आला.



"ठमे, त्या बाईंना रोज यायला सांग ना गं. त्या बसलेल्या असतात तेवढा वेळ मला घरी जावंसं वाटत नाही."