प्राजक्ताखालची मोकळी जागा

यावर कोणी विश्वास ठेवणार नाही, ठेवूही नये. पण आमचा प्राजक्त माणसं ओळखतो.

तसं झाड साधंच. खरखरीत पानं, केशरी देठाची पांढरी फुलं. संध्याकाळी उमलायची, उजाडता उजाडता गळायची. कृष्णाने म्हणे तो स्वर्गातून आणून सत्यभामेच्या दारी लावला, तर फुलं रुक्मिणीच्या अंगणात! म्हणजे फुलं कुठे टाकायची, हे झाडच ठरवतं.

लेक मला कायमचं तिच्या घरी न्यायला निघाली होती. कालची रात्र तिच्याकडे काढून आम्ही दोघं सकाळी उरलेलं सामान घ्यायला आलो. कुलूप उघडायच्या आधी मी झाडाकडे पाहिलं आणि मनातून खूश झालो. खाली फुलांचा दाट सडा होता, पण त्यात मांडी घालून बसलेल्या माणसाएवढी जागा मोकळी होती. कडा कशी रेखीव!

आयतीच थाप हाती आली.

"बघ, तुझी आई गेली तरी रोज इथे येऊन बसते. तिला एकटीला टाकून मी कसा येऊ गं?"

लेकीने वाकून त्या जागेवर हात टेकवला आणि झटकन उचलला. माती कोमट होती.

"बाबा, थापा मारू नका. आई बुंध्याच्या पलीकडे बसायची. तुम्ही तर रात्रभर माझ्याकडे होता, आणि ही तुमची जागा आहे."