दुसरी फुंकर

"पुतळे व्हा!" कॅमेरावाला ओरडला आणि त्याने कॅमेऱ्याचा दांडा फिरवायचा थांबवला.

स्टुडिओच्या काचेच्या छपराखाली सगळे जागच्या जागी थिजले. राजाची तलवार हवेत, राक्षसाचे गाल फुगलेले. आता फक्त राणीने चौकटीबाहेर यायचं. बाकी कुणी पापणीही हलवायची नाही. दांडा पुन्हा फिरला की पडद्यावर राणी फुंकरीसरशी गायब, आणि दुसऱ्या फुंकरीला अशीच युक्ती करून परत हजर! गोष्टीतल्या राक्षसाचं एका फुंकरीत भागतं. इथे सकाळपासून सहा झाल्या होत्या.

राणीने पाऊल उचललं आणि राजा शिंकला.

"अरे, त्या नाकाला शाप आहे का तुझ्या?" कॅमेरावाल्याने कपाळावर हात मारून घेतला. एकच रीळ उरलं होतं आणि ऊन कलायला लागलं होतं.

राणी म्हणजे त्याची बायको. तिची भरलेली पिशवी सकाळपासून दाराशी होती.

"अहो, आईनं डोळे मिटल्यावर जाऊ का मी? चारची गाडी आहे."

"एवढं एक होऊ दे, मग जा."

"सकाळपासून हेच ऐकतेय."

"मग राणीशिवाय काय दाखवू लोकांना, राक्षसाच्या मिशा?" तो खेकसला.

ती वळली. खडूच्या खुणेवर जाऊन उभी राहिली.

सातवी फुंकर. "पुतळे व्हा!"

कुणी श्वाससुद्धा घेतला नाही. राणी चौकटीबाहेर आली. तिने मुकुट काढून कॅमेऱ्याच्या पायाशी ठेवला, पिशवी उचलली आणि दार उघडलं.

हाक त्याच्या अगदी जिभेवर आली. पण हाक मारली असती तर सगळ्यांच्या माना वळल्या असत्या. त्याने हाक गिळली आणि दांडा फिरवला. राजा रिकाम्या खुणेकडे धावला, त्याने ऊर बडवला, तलवार राक्षसाच्या मानेला लावली. राक्षसाने पुन्हा गाल फुगवले. कुणी शिंकलं नाही. इतकं बिनचूक काम आजवर झालं नव्हतं.

"पुतळे व्हा!" सवयीने तो ओरडून गेला.

सगळे थिजले. खूण रिकामीच होती. त्याला स्वतःची अशी चीड आली की दांड्यावरचा हात सुटेना.

 शेवटी राक्षस ओठ न हलवता पुटपुटला, "साहेब, माझी फुंकर मारून झाली. वहिनींना आणायचं काम तुमचं."